बोगोतातली फूड टूर मंडईतून सुरू होत असेल तरच घ्या

कोलंबियाच्या राजधानीत, बोगोतात, गाईडबरोबर पायी फिरत खायची टूर घेणार असाल तर पैसे भरण्याआधी एवढंच विचारा: सुरुवात कुठून आणि किती वाजता? ‘दुपारी तीनला, बोलिवार चौकात’ असं उत्तर आलं तर सरळ दुसरी टूर शोधा. दुपारच्या टूरमध्ये ला कांदेलारिया या जुन्या पेठेत आठ ठिकाणी आठ घास मिळतात, भिंतींवरची चित्रं बघून होतात आणि पोट भरतं. पण हे शहर काय खातं आणि का खातं, ते कळत नाही. ते कळतं मंडईत, सकाळी.

कारण सगळं उंचीत आहे. बोगोता 2640 मीटरवर वसलंय. विषुववृत्त जवळ, म्हणून उन्हाळा-हिवाळा असा फरक जवळजवळ नाहीच; वर्षभर पहाटे सात-आठ अंश, दुपारी अठरा-एकोणीस. म्हणजे पीक ऋतूप्रमाणे बदलत नाही, उंचीप्रमाणे बदलतं. शहराच्या पठारावर बटाटा. डोंगर उतरायला लागलं की कॉफी, आणखी खाली ऊस, आणि माग्दालेना नदीच्या खोऱ्यात हिरार्दोतला, म्हणजे तीनशे मीटरच्याही खाली, आंबा, केळी आणि सणसणीत उकाडा. हा सगळा उतार गाडीने तीन-चार तासांचा. त्यामुळे थंड, मध्यम आणि उष्ण मुलखातला माल एकाच मंडईत, एकाच दिवशी, बारा महिने येतो. चांगला गाईड प्रत्येक फळ हातात देताना ते कुठल्या उंचीवरचं आहे हे सांगतो. जो सांगत नाही, तो नुसता घास वाटत असतो.

मंडई म्हणजे पालोकेमाओ. सकाळी सात-साडेसातला आत शिरावं. फुलांचा बाजार पहाटेच भरतो आणि लवकर आवरतो. शुक्रवारी आणि रविवारी तो सगळ्यात मोठा. कापलेल्या फुलांच्या निर्यातीत कोलंबिया जगात नेदरलँड्सच्या खालोखाल आहे, आणि त्या शेतीचा मोठा भाग याच पठारावर आहे. पण तिथे वेळ घालवू नका, पाय फळांकडे वळवा.

उचुवा म्हणजे आपली रसभरी, तीच ती कागदी आवरणातली. ग्वानाबाना ही सीताफळाचीच भाईबंद, बाहेरून हिरवी काटेरी. गर दुधात घुसळून पितात, बिया मात्र काढून टाकायच्याच, त्या विषारी असतात. ग्रानादिया नारिंगी कवचाची. अंगठ्याने दाबली की कवच कडकन फुटतं, आत राखाडी गरात काळ्या बिया असतात. तो गर तसाच ओढून घ्यायचा, बिया थुंकत बसायचं नाही. लुलो बाहेरून नारिंगी, आतून हिरवा आणि चांगलाच आंबट, हा रसासाठी. रस काढताना मिक्सर हलकेच फिरवावा लागतो, कारण बी भरडली गेली की कडवटपणा उतरतो. गाळून लगेच प्यायचा, ठेवला तर काळपटतो. स्टॉलवर ‘पाण्यात की दुधात?’ असं विचारतात. आंबट फळ पाण्यात घ्या. बोगोताचं नळाचं पाणी पिण्यासारखं आहे, बरंचसं चिंगासाच्या डोंगराळ पाणथळीतून येतं, त्यामुळे पाण्यातल्या रसाला घाबरायचं कारण नाही.

आणि पिताया. पिवळी, काटेरी, आतून पांढरी आणि फार गोड. आपल्याकडच्या ड्रॅगनफ्रूटपेक्षा कितीतरी गोड, म्हणून लोक दोन-तीन खाऊन टाकतात. तिच्या बियांनी पोट चांगलंच साफ होतं. पुढे तीन तास चालायचं आहे, तेव्हा दोन चमचे चाखा आणि थांबा. हे गाईडने आधी सांगायला हवं, बरेच सांगत नाहीत.

मंडईतली वागणूक महत्त्वाची आहे. गाळ्यासमोर उभं राहून आधी ‘बुएनोस दियास’ म्हणायचं, मग विचारायचं, मग फोटो. न विचारता फळ दाबून बघू नका. पिकलेलं हवं की उद्यासाठी हवं एवढं सांगा, विक्रेत्या निवडून देतात. पाव किलो फळासाठी घासाघीस करणं मला मुळीच पटत नाही. चाखायला कापून दिलेलं फळ फुकट नसतं, त्यांच्या टोपलीतलं असतं. चार फळं विकत घ्या, ‘न्यापा’ मागितली तर वर एखादं जास्तीचं हसत देतात.

आता गूळ. तिथे त्याला पानेला म्हणतात, आणि तो आपला उसाचा गूळच आहे, दुसरं काही नाही. गूळ बनवण्यात भारत पहिला, कोलंबिया दुसरा. माणशी खाण्यात मात्र कोलंबियाचा हात कुणी धरत नाही. बोगोतापासून नव्वदएक किलोमीटरवरच्या वियेताच्या परिसरात गुऱ्हाळं आहेत. चरक, चुलवण, उकळत्या रसावरची मळी काढणं, सगळं तेच. आपल्याकडे रस स्वच्छ करायला रानभेंडीचा चिकट रस घालतात, तिकडेही स्थानिक झाडांच्या सालींचा तसाच बुळबुळीत रस घालतात. आणि दुखणंही तेच: गूळ पिवळाधमक दिसावा म्हणून हायड्रोस हे रसायन घालणारे तिथेही आहेत, बंदी असूनही. म्हणून ढेप घेताना गडद तपकिरी घ्या. ती गरम पाण्यात विरघळवून, वर लिंबू पिळून पितात, ती आग्वापानेला. त्या थंडीत ती पहिल्या घोटातच अंगात उतरते. टूरमध्ये नसली तरी मागून घ्या.

मंडईतल्या बेकरीत पान्देबोनो गरम निघत असेल तर थांबा. कसाव्याचं पीठ, थोडं मक्याचं पीठ, ताजं खारट चीज आणि अंडं, मैदा नाही. भट्टीतून काढल्यावर दहा मिनिटं तो मऊ आणि लवचीक असतो. तासाभराने चिवट होतो, दुसऱ्या दिवशी दगड. म्हणून काचेच्या पेटीतला गार नको, पुढचा घाणा कधी निघणार ते विचारून थांबा. हा कसावा म्हणजे आपल्या साबुदाण्याचा कंद. साबुदाण्याच्या खिचडीतलं काय काय मूळचं अमेरिका खंडांतलं आहे हे एकदा मोजून बघा: साबुदाण्याचा कंद, बटाटा, शेंगदाणा, मिरची. चारही तिकडून आलेले. आपला एकादशीचा फराळ ज्या मुलखातल्या पिकांवर उभा आहे, तिथल्या मंडईत मराठी माणसाने परक्यासारखं फिरू नये, असं मला फार मनापासून वाटतं.

पालोकेमाओहून ला कांदेलारिया तीन किलोमीटरच्या आसपास असलं तरी चालत जाऊ नका. मधला भाग अनोळखी माणसाने रेंगाळण्यासारखा नाही. जबाबदार गाईड इथे सगळ्यांना टॅक्सीत बसवतो. ‘चालतच जाऊ’ म्हणणाऱ्यावर विश्वास ठेवू नका. फोन तर रस्त्यात हातात धरूच नये. रस्ता बघायचा असेल तर दुकानात शिरून बघा.

जुन्या पेठेत पहिला मुक्काम गरम चॉकलेटचा. कॅथेड्रलच्या बाजूच्या गल्लीत ला पुएर्ता फाल्सा हे दोन अरुंद मजल्यांचं खाणावळवजा दुकान 1816 पासून आहे. रविवारी रांग लागते. नसेल थांबायचं तर आसपास तेवढीच चांगली ठिकाणं आहेत. चॉकलेटची कृती नीट बघा. उंच, निमुळत्या तोंडाच्या ओयेता नावाच्या भांड्यात दूध किंवा पाणी उकळतं. कपाला एक या हिशेबाने चॉकलेटची वडी पडते. वडी पूर्ण विरघळली की भांडं आचेवरून उतरवून मोलिनियो घालतात. लाकडी दांडा, टोकाला खाचांचा गोळा. दोन तळहातांत धरून रवीसारखा घुसळायचा. परत आचेवर, फेस वर आला की खाली, पुन्हा घुसळण. घाई केली, वडी अर्धवट विरघळली असताना घुसळलं, की फेस धरत नाही आणि तळाशी कणी राहते. जाड फेस नसलेला कप आला तर तो नुसता ढवळलेला आहे असं समजा.

बरोबर चीजचा तुकडा, आल्मोहाबाना नावाचा चीज घातलेला मक्याचा पाव आणि लोण्याचा पाव येतो. चीजचे चौकोनी तुकडे करून कपात टाकायचे, दोन मिनिटं थांबायचं. ते वितळून नाहीसं होत नाही, मऊ पडतं, चमच्याने ओढलं की तार धरतं. खारट चीज आणि कडवट-गोड चॉकलेट एकत्र कसं लागेल अशी शंका असते, पहिल्या चमच्याला ती जाते. तमाल मात्र बघून घ्या: केळीच्या पानात बांधलेल्या मक्याच्या पिठात बहुतेक वेळा डुक्कर आणि कोंबडी दोन्ही असतात.

जेवायला आहियाको, आणि तो पूर्ण वाडगाभर, बसून. चार चमच्यांचा नमुना देणाऱ्या टूर या पदार्थावर अन्याय करतात. हे बटाट्याचं दाट सूप, पण तीन बटाट्यांचं. क्रिओया लहान, पिवळाजर्द. तो शिजून विरघळतो आणि दाटपणा देतो. साबानेरा फोड धरून राहतो. पास्तुसा दोहोंच्या मधला. सहा-आठ माणसांना साबानेरा आणि पास्तुसा एकेक किलो, क्रिओया अर्धा किलो असा साधारण हिशेब. कोंबडी शिजवून बाजूला काढतात, त्या पाण्यात आधी साबानेरा, पास्तुसा आणि मक्याची कणसं, क्रिओया नंतर. तो आधीच टाकला तर विरघळून तळाला बसतो आणि लागतो. करपट वास मग जात नाही. त्यातही बोगोतात पाणी एक्याण्णव अंशांच्या आसपासच उकळतं, म्हणून सगळ्याला वेळ जास्त लागतो. शेवटी ग्वास्कास ही वाळवलेली रानपाल्याची भाजी. आहियाकोला आहियाकोपण देते ती हीच, आणि फार उकळली तर तिचा गंध उडतो. वरून साय, केपर या खारवलेल्या कळ्या, बाजूला भात आणि अवोकाडो. सूप एकजीव गुळगुळीत असेल, त्यात एकही फोड सापडत नसेल, तर पिठाने दाट केलेलं असण्याची शक्यता मोठी.

शाकाहारी लोकांनी एक गोष्ट पक्की लक्षात ठेवायची. ‘सिन कार्ने’, म्हणजे ‘मांस नको’, एवढंच म्हटलं तर ताटात कोंबडी येऊ शकते, कारण कार्ने म्हटल्यावर बहुतेकांच्या मनात गाय-डुक्कर असतं. ‘नी कार्ने, नी पोयो, नी पेस्कादो’ (ना मांस, ना कोंबडी, ना मासे) असं सगळं म्हणा, आणि सूप कशात शिजवलंय ते विचारा. राजम्यासारखी दिसणारी उसळसुद्धा डुकराच्या तुकड्यासह शिजवलेली असते. टूरवाल्यांना हे आदल्या दिवशी लिहून कळवा. आयत्या वेळी सांगितलं तर तुम्हाला दिवसभर तळलेलं केळं आणि आरेपा, म्हणजे मक्याची जाड भाकरी, मिळेल. आधी कळवलं तर फळं, आग्वापानेला, चॉकलेट, पान्देबोनो, कणसाच्या पानातले गोड एन्वुएल्तो, अंजीर आणि आटवलेल्या दुधाचा आरेकिपे, एवढ्यावर सकाळ भरगच्च होते. अंडं न खाणाऱ्यांनी पावांबद्दल वेगळं विचारायचं.

चोर्रो दे केवेदोच्या चौकाभोवती चिचा मिळते, मक्याची आंबवलेली दारू, मुइस्का या इथल्या मूळ रहिवाशांच्या काळापासूनची. 9 एप्रिल 1948 ला नेते होर्हे एलिएसेर गाइतान यांची हत्या झाली, शहर पेटलं, आणि दंगलीचं खापर चिचावरही फुटलं. त्याच वर्षी कायदा करून घरगुती चिचाचा गळा आवळला गेला. बिअर कंपन्यांना ते सोयीचंच होतं. तरी चिचा टिकली. ला पेर्सेवेरान्सिया या बिअर कारखान्याच्या कामगारांच्याच वस्तीने ती जपली, तिथे तिचा उत्सवही होतो. तोतुमा या वाळलेल्या फळाच्या कवचातून पितात. वास आंबूस-गोड हवा. व्हिनेगरसारखा झोंबला तर ठेवून द्या. अर्ध्या तोतुम्यापेक्षा जास्त नको, या उंचीवर चढते लवकर.

त्याच कारणाने उतरल्या दिवशी टूर घेऊ नका. डोकं दुखतं, कांदेलारियाचा चढ चढताना दम लागतो, जड खाणं पचत नाही. दुसरा किंवा तिसरा दिवस बरा. पाऊस बहुधा दुपारी गाठतो, एप्रिल-मे आणि ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये हमखास. बूट फरशीवर न घसरणारे हवेत.

पैशाचं आधी स्पष्ट करून घ्या. ‘फ्री’ म्हणवणाऱ्या टूरमध्ये खाण्याचे पैसे वेगळे आणि शेवटी गाईडला बक्षिशी. तेच त्याचं उत्पन्न, तेव्हा हात आखडू नका. हॉटेलात बिलाआधी दहा टक्के सेवाशुल्क लावू का असं विचारतात, ते ऐच्छिक आहे. मंडईत पन्नास हजार आणि एक लाख पेसोच्या नोटा कुणाला मोडता येत नाहीत. आदल्या संध्याकाळी सुपरमार्केटमध्ये काहीतरी घेऊन दोन, पाच आणि दहा हजारांच्या सुट्या नोटा करून ठेवा, आणि त्या पाकिटात नको, पुढच्या खिशात.