त्या याद्यांमध्ये माझी आजी आहे

मंगळवारी रात्री साडेनऊला मावशीचा फोन आला. ती 81 वर्षांची आहे, तालुक्याच्या गावी एकटी राहते, त्यामुळे अशा वेळी तिचं नाव मोबाईलवर दिसलं की पोटात गोळाच येतो. तब्येत ठीक होती. तिनं विचारलं, "बाळा, आपल्या मंडळीचं ते पुस्तक घरात ठिवावं का नाही? गल्लीतली पोरं म्हणतेत, उगं लफड्यात पडशील."

ते पुस्तक म्हणजे आमच्या मंडळीची, म्हणजे आमच्या चर्चची, शतकमहोत्सवी स्मरणिका. आणि लफडं म्हणजे गेले पंधरा दिवस जालना, बीड, परभणीकडच्या ग्रुपांमधून फिरणारा तो लांबलचक मेसेज. मला तो सात ठिकाणांहून आला. त्यातले दोन माझेच जुने विद्यार्थी. ज्यांनी वाचला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात: मराठवाड्यातल्या छोट्या गावांतल्या चर्चच्या स्मरणिका आणि 'आमच्या मंडळीचा इतिहास' असली पुस्तकं बनावट आहेत. इंग्रजांनी मिशनऱ्यांना इथं जमिनी दिल्या. दुष्काळात धान्य देऊन माणसं विकत घेतली. त्या माणसांनी मराठी सोडली. आता परदेशी पैशावर पुस्तकं छापून जमिनी आणि सवलती लाटायच्या आहेत. पुस्तकांतल्या नावांच्या याद्या म्हणजे 'विकल्या गेलेल्या माणसांच्या पावत्या'. आणि शेवटी आवाहन, वाचनालयात असं पुस्तक दिसलं तर काढायला लावा.

मी 31 वर्षं शाळेत मराठी शिकवलं. अशी चाळीसेक पुस्तकं माझ्या कपाटात आहेत, आणि त्यांतलं एकही मी न वाचता ठेवलेलं नाही. हा मेसेज लिहिणाऱ्यानं त्यातलं एकही उघडलेलं नाही, हे पहिल्या ओळीतच कळतं.

इंग्रजांनी जमिनी दिल्या म्हणे. कुठल्या इंग्रजांनी? मराठवाडा हैदराबाद संस्थानात होता. दर वर्षी 17 सप्टेंबरला आपण झेंडावंदन करतो ते कशासाठी? 1948 साली आपण निजामाच्या राजवटीतून सुटलो, इंग्रजांच्या नव्हे. इथली जमीन द्यायची झाली तर ती हैदराबादच्या सरकारनं द्यायची. आणि तसंच झालं. जालन्याजवळचं बेथेल हे ख्रिस्ती गाव वसलं ते निजामाचे दिवाण पहिले सालारजंग यांनी दिलेल्या जमिनीवर. ते वसवणारा माणूस गोरा साहेबही नव्हता. रेव्हरंड नारायण शेषाद्री, ब्राह्मण घरातले, मराठी बोलणारे. 1843 साली मुंबईत त्यांचा बाप्तिस्मा झाला आणि 1860 नंतरच्या दशकात ते जालन्याला आले. स्कॉटलंडच्या फ्री चर्चशी त्यांचा संबंध होता, पण बेथेल उभं राहिलं ते त्यांच्या कामातून.

आता एक गोष्ट मान्य करतो, कारण ती न सांगणं खोटेपणाचं होईल. जालना, औरंगाबाद, हिंगोली, मोमिनाबाद म्हणजे आजचं अंबाजोगाई, इथं हैदराबाद कंटिंजंट या निजामाच्या खर्चानं ठेवलेल्या फौजेच्या छावण्या होत्या, त्यांचे अधिकारी इंग्रज होते, आणि छावणीमुळे पाद्र्यांना आसरा मिळाला. एवढं खरं आहे. पण छावणीतल्या साहेबासाठी बांधलेलं चर्च वेगळं आणि वाडीवस्तीवर कुडाच्या खोलीत भरणारी मंडळी वेगळी. मेसेजवाल्यानं दोन्हींची मोट बांधली आहे.

नारायण शेषाद्रींचं नाव आलंच आहे तर त्यांच्या धाकट्या भावाचंही सांगतो. 1843 सालीच श्रीपत शेषाद्री हा अल्पवयीन मुलगा मिशनऱ्यांकडे गेला होता. वडील कोर्टात गेले आणि कोर्टानं मुलगा वडिलांच्या ताब्यात दिला. मग त्याला प्रायश्चित्त देऊन जातीत परत घ्यायचं की नाही यावरून मुंबईत वादळ उठलं. त्याला परत घ्या म्हणून उभे राहिले ते दर्पणकार बाळशास्त्री जांभेकर, आणि त्यांना विरोध केला तो सनातनी मंडळींनी. म्हणजे हा सगळा मामला भर चौकात, कोर्टात आणि छापील मराठीत चालला. यात लपूनछपून काय होतं? आणि 1843 साली या दोन भावांना कोणता दुष्काळ पडला होता?

आता धान्याकडे येतो. मावशीला झोंबलं ते हेच, आणि मलाही.

1876 ते 78 चा दुष्काळ, 1896-97 चा आणि लगेच 1899-1900 चा, या काळात मिशनांनी अन्न दिलं, अनाथ पोरं सांभाळली, आणि त्यानंतर मंडळ्यांची संख्या वाढली. हे मी नाकारत नाही. बऱ्याच स्मरणिकाही नाकारत नाहीत, 'दुष्काळाच्या साली अमुक घरं आली' असं त्या सरळ लिहितात. पण अन्न मिळालं म्हणून माणूस विकला गेला, असं म्हणणाऱ्यानं 72 आठवावा. 72 च्या दुष्काळात आख्ख्या मराठवाड्यानं काय खाल्लं? अमेरिकेतून आलेली तांबडी मिलो ज्वारी. कामावरच्या बायांना आणि पोरांना मिळणारी सुकडी. मी स्वतः बंडिंगच्या, म्हणजे शेताला बांध घालायच्या दुष्काळी कामावर आईसोबत बसून ती सुकडी खाल्ली आहे, मुठीत धरली की हाताला गोड वास राहायचा. माझ्या शेजारी पाटलांची पोरं होती, वाण्यांची होती, मुसलमानांची होती. त्यातलं कोण अमेरिकेला विकलं गेलं? भुकेल्याला भाकरी देणं हा गुन्हा नाही आणि भुकेल्यानं ती खाणं ही विक्री नाही.

आणि हे 'विकले गेलेले' म्हणजे कोण, तेही मेसेजवाल्याला ठाऊक आहे, म्हणून तर तो शब्द वापरतो. जालन्याच्या आसपास जे ख्रिस्ती झाले त्यांच्यात मोठा भरणा मांगवाड्यातल्या आणि महारवाड्यातल्या माणसांचा. ज्यांना गावच्या विहिरीवर जाता येत नव्हतं. ज्यांच्या पोरांना शाळेत घेत नव्हते, घेतलंच तर दाराबाहेर बसवत. अशा माणसानं शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी एक निर्णय घेतला. तो बरोबर की चूक यावर तुम्ही माझ्याशी रात्रभर वाद घाला, मी बसेन. पण तो निर्णय त्याचा होता. नारायण शेषाद्री ब्राह्मण म्हणून त्यांना 'मतपरिवर्तन' झालं आणि माझ्या पणजोबाला दोन पायल्या ज्वारी मिळाली, हा हिशेब मी ऐकून घेणार नाही.

पावत्या म्हणे. त्या याद्या कशा असतात ते तरी बघा. आमच्या मंडळीची बाप्तिस्म्याची जुनी नोंदवही मी पाळकसाहेबांच्या परवानगीनं दोन दिवस बसून पाहिली आहे. कापडी पाठीचं रजिस्टर, मधली पानं वाळवीनं खाल्लेली. रकाने असे: तारीख, नाव, आईबापाचं नाव, राहण्याचं गाव, धंदा, साक्षीदार. एका ओळीत एक बाई आहे, 'विधवा, वय अंदाजे 40, मोलमजुरी'. तिचं नाव आहे, तिच्या आईचं नाव आहे, तिची वाडी आहे, शेवटी अंगठा आहे. त्या काळी हिच्या नावानं ना सातबारा, ना शाळेचा दाखला. तिचं आणि तिच्या आईचं नाव शाईनं कुणी लिहिलं असेल तर ते या एका ओळीत. तिला किती धान्य दिलं याचा रकाना त्या वहीत नाही.

गेल्या दोन-तीन वर्षांत आख्खा मराठवाडा पणजोबाची कुणबी नोंद शोधत फिरला. निजामकाळातले कागद, हैदराबाद गॅझेट, मोडीतले दाखले, प्रत्येकाला त्यांची किंमत कळली. एका शब्दासाठी माणसं महिनोन्महिने रेकॉर्डरूमच्या दारात उभी राहिली, आणि ते योग्यच होतं. मग आमच्या पणजीची नोंद तेवढी पावती कशी?

सवलतींचा मुद्दा तर लिहिणाऱ्यानं विचार न करता टाकलाय. अनुसूचित जातींबाबतचा 1950 चा राष्ट्रपतींचा आदेश वाचा. त्यातला दर्जा आधी हिंदूंपुरता होता, 1956 ला शीख आले, 1990 ला बौद्ध आले. ख्रिस्ती आजही त्यात नाहीत. म्हणजे बाप्तिस्म्याची नोंद दाखवली तर अनुसूचित जातीची सवलत जाते. जो कागद दाखवल्यानं हातचं जातं तो कागद बनावट कोण तयार करेल?

मराठी सोडली, या आरोपाला मी दोन वाक्यांपेक्षा जास्त वेळ देणार नाही. फादर स्टीफन्सचं ख्रिस्तपुराण 1616 साली ओवीत छापलं गेलं, ज्ञानोदय हे नियतकालिक 1842 साली अहमदनगरला सुरू झालं, रेव्हरंड ना. वा. टिळकांची पदं आजही रविवारी पेटी-ढोलकीवर आमच्याकडे म्हटली जातात, आणि लक्ष्मीबाई टिळकांची स्मृतिचित्रे न वाचता मराठीची पदवी घेता येऊ नये असं माझं मत आहे. आमच्या स्मरणिकेतला अर्धा मजकूर तर आमच्याकडच्या बोलीतच आहे.

परदेशी पैसा. आमच्या स्मरणिकेची शेवटची सहा पानं उघडा. वर्गणीदारांची यादी आहे: 11 रुपये, 21 रुपये, 51 रुपये, एका घरानं रोख नाही म्हणून एक पोतं ज्वारी. मग जाहिराती. मोंढ्यातला आडत्या, खत-बियाण्यांचं दुकान, कापडवाले मारवाडी, सायकलवाले चाचा, सगळ्यांच्या 'हार्दिक शुभेच्छा'. त्या वर्षी गावात कोण काय विकत होतं हे मला दुसऱ्या कुठल्याही पुस्तकात सापडलेलं नाही. एका लेखात 72 साली मिशन कंपाउंडातली विहीर गावासाठी खुली ठेवल्याचं आहे, कुणाच्या घागरी कधी भरायच्या, दोर कुणी द्यायचा, भांडण कुठल्या दिवशी झालं, सगळं. हा तुमच्याही गावचा इतिहास आहे. तो वाचनालयातून काढायला लावताय?

जमिनींबद्दल एवढंच म्हणतो की काही ठिकाणी ट्रस्टच्या जागांचे वाद आहेत, आणि त्यात आमच्यातल्याच लोकांनी समाजाचं नुकसान केलेलं आहे. त्याची चीड मला मेसेजवाल्यापेक्षा जास्त आहे. पण तो वाद सातबाऱ्यावर आणि धर्मादाय आयुक्तांपुढे चालतो. 'स्मरणिकेत लिहिलंय' म्हणून कुणाच्या नावावर गुंठाभर जमीन चढत नाही.

या पुस्तकांमध्ये दोष आहेत आणि ते मोठे आहेत. मिशनरी साहेबांचे पानभर फोटो, आपल्या माणसांचे ग्रुपफोटोत अंगठ्याएवढे चेहरे. कोण कुठल्या वाड्यातून आलं याबद्दल अवघडलेली शांतता, जणू जात बाप्तिस्म्याच्या पाण्यात विरघळून गेली. तारखांचे घोळ. आणि बायकांची नावं गायब. आमच्याच स्मरणिकेत 43 व्या पानावर सात बायकांचा फोटो आहे, डोक्यावरून पदर, हातात पिशव्या, पायात वहाणा नाहीत. खाली एवढंच छापलंय: 'बायबलबाया'. या बाया चार-पाच कोस चालत वाड्यावस्त्यांवर जायच्या, बायकांना अक्षरं शिकवायच्या, बाळंतिणीला बघायच्या. डावीकडून तिसरी माझी आजी, मावशीची आई.

मी मावशीला म्हटलं, पुस्तक कपाटात नको, टेबलावर ठेव, आणि 43 वं पान उघड. चष्मा सापडायला वेळ लागला. मग तिनं फोनवर एकेक नाव सांगायला सुरुवात केली. कुणाचं माहेर कुठलं, कोण कुणाची सासू, कोण प्लेगात गेली. मी लिहून घेतलं. पाच नावं झाली. पेन्सिलीनं फोटोखाली लिही म्हटलं तर म्हणाली, "पेन्सिल कायला, पेनानंच लिहिते."

सोमवारी मी त्या पुस्तकाच्या दोन प्रती तालुक्याच्या वाचनालयात देतोय, पाच नावं लिहून. उजवीकडच्या शेवटच्या दोन बायका मावशीला ओळखू येत नाहीत. एकीच्या हातात कंदील आहे, दुसरीच्या कपाळावर भाजल्याचा डाग आहे. जालना-अंबड-घनसावंगी पट्ट्यात कुणाच्या घरी हा फोटो असेल, किंवा कुणाच्या पणजीच्या कपाळावर असा डाग होता असं घरात बोललं जात असेल, तर मला कळवा. सोमवारपर्यंत कळवलंत तर उत्तम, नाहीतर मी नंतर जाऊन लिहून येईन.