रक्त कुठलं कोण जाणे

मावसभाऊ मूल दत्तक घेतोय. कारात, म्हणजे दत्तकाचं काम बघणाऱ्या सरकारी संस्थेत, नाव नोंदवून झालंय, आता रांगेत आहेत. घरच्या ग्रुपवर बातमी आली आणि काकांनी लिहिलं, "घ्यायचंच तर नात्यातलं घ्या. परक्याचं रक्त कुठलं कोण जाणे." खाली आठ अंगठे. त्यातले दोन डॉक्टरांचे!

माझं डोकंच फिरलं. रात्री दीडला, तिकडे सगळ्यांचा अकराचा चहा चालला असेल तेव्हा, मी लांबलचक मेसेज हाणला. म्हटलं, मी राहतो त्या न्यूयॉर्कमधल्या ॲस्टोरियात एक जुना स्टुडिओ आहे. तिथे डी. डब्ल्यू. ग्रिफिथ या दिग्दर्शकाने १९२५ साली 'सॅली ऑफ द सॉडस्ट' हा मूकपट केला. सर्कसवाल्याशी लग्न केलं म्हणून एक जज्ज पोटच्या मुलीला घराबाहेर काढतो. ती मरते, तिची पोर एका फिरस्त्या भामट्याच्या पदरात पडते. डब्ल्यू. सी. फील्ड्सने केलाय तो. मुळातला जगलर, त्यामुळे चेंडू झेलताना त्याचे हात काय चालतात! हा जत्रेत लोकांना गंडवतो, पण पोरीला जिवापाड जपतो. बघा, शंभर वर्षांपूर्वी अमेरिकेला कळलं होतं, आणि आपण अजून रक्तच मोजतोय.

शेवट मी लिहिला नाही. शेवटी सॅली आरोपी म्हणून उभी, समोर तोच जज्ज, आणि फील्ड्स धावत येऊन सांगतो, ही तुमचीच नात. झालं, छचोर नाचरी एका क्षणात घराण्याची लेक. म्हणजे ग्रिफिथही काकांचाच माणूस. भामटा नंतर जमिनी विकायला लागतो. आपल्याकडेही शोभला असता.

आणखी एक लिहिलं नाही. आम्ही दोघांनी इथे चार वर्षं दवाखान्यांचे उंबरे झिजवले. हिने पोटात सुया टोचून घेतल्या, फ्रिजमध्ये दुधाशेजारी इंजेक्शनं असायची. दत्तकाचा फॉर्मही आणला होता. दोन पानं भरली, मग मीच अडलो. जन्मदात्यांची मेडिकल हिस्टरी कळत नाही, म्हटलं. हेच शब्द, इंग्रजीत. इंग्रजीत किती समंजस वाटतात! फॉर्म अजून टॅक्सच्या कागदांखाली आहे.

काकांनी काहीच उत्तर दिलं नाही. पहाटे मावशीचा मेसेज आला, "छान आहे रे गोष्ट. मग त्या पोरीचं पुढे काय झालं?"

मी तो वाचला. निळ्या टिका तिला दिसल्या असतीलच.