ऐकिदो

आमच्या घराण्यात पोहणं सोडून सगळं पुस्तकातून शिकतात. पोहणंही एका काकांनी तसंच शिकायला घेतलं होतं, पण ते असो. वाचनालयातून मी ऐकिदो या जपानी युद्धकलेचं पुस्तक आणलं तेव्हा बायको एवढंच म्हणाली, "नावातच 'ऐक' आहे. तुम्हाला जमायचं नाही."

पहिली साठ पानं तत्त्वज्ञानाची. ती मला झकास जमली. संस्थापक मोरिहेइ उएशिबा (१८८३–१९६९) होक्काइदो बेटावर ताकेदा सोकाकू यांच्याकडे जुजुत्सू शिकले, मग ओमोतो पंथाच्या नादी लागले आणि पुढे हाडं मोडण्याच्या विद्येतून त्यांनी न भांडण्याची विद्या काढली. समोरचा जोर लावतो, त्याला विरोध करायचा नाही. 'तेनकान' म्हणजे गर्रकन वळून तो ज्या दिशेला बघतोय त्याच दिशेला आपणही बघायचं. हे मी सोसायटीच्या मीटिंगमध्ये करून पाहिलं. अध्यक्ष ज्या दिशेला बघत होते तिकडे मीही बघितलं. आता पाण्याची टाकी धुऊन घ्यायचं काम माझ्याकडे आहे.

पुढे प्रात्यक्षिक. बसायचं 'सेइझा'त, म्हणजे आपलं वज्रासनच. तिथवर अब्रू राहिली. मग 'शिक्को', म्हणजे गुडघ्यांवर चालणं. मी हॉलभर तसा चाललो तर आईनं विचारलं, "काय हरवलंय रे?" आणि उत्तराची वाट न बघता तीही वाकून सोफ्याखाली शोधायला लागली. तिला शंभरची नोट सापडली. माझ्या शिक्षणातली आजवरची ही एकमेव प्राप्ती.

'उकेमी' म्हणजे पडण्याची कला. करंगळीच्या कडेवरून दंड, खांदा, मग पाठीवरून तिरकं विरुद्ध बाजूच्या कमरेपर्यंत गोल घरंगळायचं. चित्रातला माणूस लाडवासारखा घरंगळतो. मी गादीवरून निघालो आणि कपाटापाशी पोचलो, मधला प्रवास मला आठवत नाही. खालच्या मजल्यावरून फोन आला: "सिलिंडर पडला का हो?"

खरी गोम मात्र चित्रांत आहे. आकृती तीनमध्ये दोघं उभे असतात. आकृती चारमध्ये एक जमिनीवर आणि दुसरा शांत. मधे काय घडलं ते जपानी लोक सांगत नाहीत.

ते शोधायला हल्लेखोर हवा. मुलगा "बाबा, प्लीज" म्हणून सटकला. शेवटी बायकोला गळ घातली, "माझं मनगट घट्ट धर." तिनं धरलं. दुसऱ्या हातात पुस्तक, चष्मा नाकाच्या शेंड्यावर, आणि पान उलटायला तिसरा हात नाही.

"अहो, वाचून झालं का?"

"थांब. 'शिहोनागे.' चार दिशांना फेक. आधी कुठल्या दिशेला ते बघतोय."

एवढ्यात कुकरची तिसरी शिट्टी झाली. मनगट न सोडताच ती स्वयंपाकघराकडे वळली. जोराला विरोध करायचा नाही हे तत्त्व अंगी मुरलेलं, त्यामुळे मीही गर्रकन वळून तिच्याच दिशेला बघत, तिच्या मागोमाग ओट्यापाशी. पुस्तक वाटेतच पडलं. तिनं गॅस बंद केला, माझी मूठ उलटी करून उघडली आणि तळहातावर लसणाचा गड्डा ठेवला.

"नीट सोला. आणि सालं खाली पाडू नका."