पानशेतच्या रात्रीचं चांदणं

नमस्कार. तुमची प्रतिक्रिया वाचून आधी राग आला, मग पंचांग शोधलं. पानशेतच्या पुरावरच्या लेखात मी लिहिलं होतं की तो रविवार होता म्हणून वडील घरी होते, आणि रात्री पर्वतीवरून आम्ही पाण्यावरचं चांदणं पाहिलं. तुम्ही दाखवलंत की १२ जुलै १९६१ला बुधवार होता, वर अमावास्या. 'आठवणी कशाला म्हणता? कथा म्हणा आणि मोकळे व्हा.'

दोन्ही चुका कबूल.

रविवारचं कोडं ताईनं फोनवर सोडवलं. ती तेव्हा बारा वर्षांची, मी सहाचा. वडील सकाळीच सायकलवर कामाला गेले होते. नारायण पेठेतल्या वाड्यातून मला पाठुंगळी घेऊन बाहेर काढलं ते शेजारच्या बिऱ्हाडातल्या काकांनी. त्या पाठीवरचा ओला सदरा माझ्या गालाला आजही लागतो. पाठ मात्र वडिलांची, असंच मी साठ वर्षं धरून चाललो. वडील घरी हवेत तर सुट्टी हवी, म्हणून मनानं परस्पर रविवार करून टाकला!

मानसशास्त्रज्ञ उल्रिक नायसर यांना पक्कं आठवायचं की पर्ल हार्बरवरच्या जपानी हल्ल्याची बातमी आली तेव्हा ते रेडिओवर बेसबॉलचा सामना ऐकत होते. तारीख ७ डिसेंबर १९४१, आणि डिसेंबरात अमेरिकेत बेसबॉलचा हंगामच नसतो. स्मृतीचा अभ्यास करणाऱ्याची ही गत.

चांदण्याचं खापर मात्र स्मृतीवर फोडता येणार नाही. ते लिहिताना सुचलं. वाक्य छान जमलं म्हणून ठेवलं, आणि चार वेळा वाचल्यावर आठवल्यासारखंच वाटू लागलं. ही लबाडी माझी.

तरीही 'कथा म्हणा' हे पटत नाही. कथा म्हटली असती तर तुम्ही वार तपासला नसता आणि मी ताईला फोन केला नसता. अमेरिकन लेखिका मेरी मॅकार्थी यांनी १९५७च्या आपल्या आठवणींच्या पुस्तकात प्रकरणांमागे टिपणं जोडली, कुठे शंका आहे, कुठे आपण भर घातली, ते सांगणारी. मीही रविवार तसाच ठेवून खाली ताईचं म्हणणं जोडलंय. चांदणं काढलं.

त्या काकांचं नाव ताईलाही आठवत नाही. ते बिऱ्हाड पुरानंतर वाड्यात परत आलंच नाही, एवढं ती सांगते.