न्यायासनावर असताना पुढची खुर्ची

कोल्हापूरचे माझे दाजी तीस वर्षांहून जास्त काळ वकिली करतात. 2025 च्या जुलैमध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशपदासाठी शिफारस झालेल्या नावांत भाजपच्या एका माजी प्रवक्त्या होत्या. विरोधकांनी हरकत घेतली आणि आमच्या रविवारच्या फोनवरही तोच विषय निघाला. दाजी म्हणाले, "वकील म्हणून लायक असतील आणि पक्षाचं पद आधीच सोडलं असेल, तर बिघडलं कुठं? तुझ्या अमेरिकेचा पहिला सरन्यायाधीश पुढारीच होता की."

पुढारी होता, हे खरंच. त्या जॉन जेचं शेतघर माझ्या घरापासून अर्ध्या तासावर, न्यू यॉर्क राज्यातल्या कॅटोनाला आहे. महाराष्ट्रातून आलेल्या प्रत्येक पाहुण्याला मी तिथं नेलं आहे. पण दाजी ज्या कारणासाठी त्याचं नाव घेतात, त्याच्या नेमक्या उलट कारणासाठी मला तो महत्त्वाचा वाटतो.

जॉन जे 1745 साली न्यू यॉर्कमध्ये जन्मला. वकील झाला, अमेरिकेच्या क्रांतीच्या काळात काँग्रेसचा, म्हणजे तिथल्या प्रतिनिधी सभेचा, अध्यक्ष झाला, स्वातंत्र्ययुद्ध संपवणाऱ्या ब्रिटनबरोबरच्या 1783 च्या तहावर सही करणाऱ्यांत होता, मग परराष्ट्र खातं सांभाळलं. 1789 मध्ये वॉशिंग्टननं त्याला सरन्यायाधीश नेमलं. नवा देश, नवी घटना. राजकारणात कधी नव्हता असा मोठा वकील त्या पिढीत शोधून सापडला असता का, याची मला शंका आहे. तेव्हाच्या न्यायमूर्तींना घोड्यावरून, बग्गीतून गावोगाव फिरून न्यायदान करावं लागे. जॉन जे त्या फिरतीला कंटाळला होता. मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच (फिरतं खंडपीठ) सुरू व्हायला 18 ऑगस्ट 2025 उजाडावा लागला, तोवर दाजींनी मुंबईच्या किती खेपा केल्या ते मला माहीत आहे. त्यामुळे तो कंटाळा मला कळतो, आणि लोकांच्या दारी जाणाऱ्या न्यायालयाची किंमतही कळते.

1793 मध्ये फ्रान्स आणि ब्रिटनचं युद्ध पेटलं. अमेरिकेनं तटस्थ कसं राहायचं, याबद्दल वॉशिंग्टनच्या सरकारनं न्यायमूर्तींकडे 29 प्रश्न पाठवून सल्ला मागितला. जे आणि त्याच्या सहकाऱ्यांनी नकार दिला. राज्यघटनेनं सत्तेच्या तीन अंगांमध्ये रेषा आखली आहे, तेव्हा खटल्याबाहेर सरकारला सल्ला देणं आमचं काम नाही, असं त्यांनी 8 ऑगस्टला लिहून कळवलं. सल्ला मागणारा त्याला नेमणारा राष्ट्राध्यक्षच होता. जुन्या पुढाऱ्यानं न्यायाधीश म्हणून वागून दाखवलं ते इथं.

आणि तोच जे 1792 मध्ये सरन्यायाधीशपदावर असताना न्यू यॉर्कच्या गव्हर्नरपदाची निवडणूक लढला होता. तीन काउंट्यांमधली (जिल्ह्यांमधली) मतं तांत्रिक कारणानं बाद झाली आणि तो जॉर्ज क्लिंटनकडून हरला. 1794 मध्ये वॉशिंग्टननं त्याला तह करायला लंडनला पाठवलं, तेव्हाही पद त्याच्याकडेच. सिनेटमध्ये विरोध झाला, तरी 18 विरुद्ध 8 मतांनी मंजुरी मिळाली. जो तह उद्या न्यायालयात येणार, तो सरन्यायाधीशानंच करून आणायचा? हा प्रश्न तेव्हा विचारला गेला होता आणि मला तो आजही बिनतोड वाटतो. तहावर देश इतका भडकला की ठिकठिकाणी जेचे पुतळे जाळले गेले. दरम्यान तो देशाबाहेर असतानाच गव्हर्नर म्हणून निवडून आला, आणि मग कुठे, 1795 मध्ये, त्यानं न्यायासन सोडलं.

गव्हर्नर म्हणून तो चांगला होता. स्वतः गुलाम बाळगलेल्या या माणसानं 1799 मध्ये न्यू यॉर्कमधली गुलामी टप्प्याटप्प्यानं संपवणाऱ्या कायद्यावर सही केली. पुढच्याच वर्षी राज्याची निवडणूक त्याचा पक्ष हरला. जुन्या विधिमंडळाला घाईनं बोलावून राष्ट्राध्यक्ष निवडणुकीचे नियमच बदला, असा आग्रह त्याच्याच पक्षाचा नेता हॅमिल्टन यानं पत्रातून धरला. जेनं त्यातलं काही केलं नाही. पक्षाच्या फायद्यासाठी सुचवलेला हा उपाय, मला न शोभणारा, एवढी नोंद त्यानं त्या पत्रावर केली. मला हा माणूस आवडतो तो या नोंदीसाठी.

त्याच वर्षअखेरीस राष्ट्राध्यक्ष अ‍ॅडम्सनं त्याला पुन्हा सरन्यायाधीश नेमलं. न्यायालयाला वजन आणि प्रतिष्ठा नाही, असं कळवून त्यानं पद नाकारलं. सरन्यायाधीशपद ही निवडणुकीपूर्वीची थांबण्याची जागा आहे, असं देशाला वाटायला लावण्यात त्याचाही हात होता, असं माझं मत आहे. मग ते पद जॉन मार्शलकडे गेलं. मार्शलही मुरलेला राजकारणी, त्या वेळचा परराष्ट्रमंत्री. पण 1801 ते 1835 तो त्या खुर्चीवरून मरेपर्यंत हलला नाही, आणि न्यायालयाला वजन आलं ते त्याच्या काळात.

म्हणून दाजींना मी म्हटलं, न्यायाधीश कुठून आला यापेक्षा पुढं कुठं जाणार आहे ते बघा. आपल्याकडचं उदाहरण मुंबई उच्च न्यायालयाचंच आहे. निवृत्तीनंतर न्यायाधीशांनी सरकारी पद घेऊ नये, अशी शिफारस पहिल्या विधी आयोगानं 1958 मध्ये केली. अध्यक्ष सेटलवाड, आणि सदस्यांत मुंबईचे मुख्य न्यायाधीश एम. सी. छागला. त्याच वर्षी छागला अमेरिकेत भारताचे राजदूत झाले. आयुर्विमा महामंडळाच्या पैशांच्या गुंतवणुकीवरून गाजलेल्या मुंद्रा प्रकरणात अर्थमंत्र्याला घरी जावं लागलं, ती चौकशी करणारे हेच छागला. त्यांच्या सचोटीबद्दल मला आदर आहे, पण त्यांनी हे पद घ्यायला नको होतं.

अमरावतीच्या भूषण गवईंनी सरन्यायाधीश असताना निवृत्तीनंतर सरकारी पद घेणार नाही असं जाहीर केलं, तेव्हा मला फार बरं वाटलं. त्यांचे वडील रा. सू. गवई आयुष्यभर राजकारणात होते. घराण्यातलं राजकारण आड आलं नाही. पण हे त्यांनी स्वतःहून पाळलेलं पथ्य आहे, आणि मला कायदा हवा आहे: निवृत्तीनंतर किमान दोन वर्षं सरकारकडून कुठलंही पद नाही, पक्षाचं तिकीटही नाही.

दाजींना हे पटलेलं नाही. अमेरिकेतल्या संघीय न्यायाधीशाला आजन्म पद आहे, आपल्या उच्च न्यायालयाचा न्यायाधीश 62 व्या वर्षी घरी बसतो, त्याला नुसतं पेन्शनवर बसवणार का, असं ते विचारतात. मुद्दा रास्त आहे. पूर्ण पगाराइतकं पेन्शन द्या, असं मी म्हटलं. "आणि पैसे कोण देणार?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, आपण.