गणपतीतली एक संध्याकाळ मागितली होती

आज गल्लीच्या मंडळाची बैठक होती. गणपतीतली एकच संध्याकाळ मी मागितली, सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा ‘दोघी’ हा सिनेमा दाखवायला. प्रोजेक्टर, पडदा, परवानगीची धावपळ, सगळं माझ्याकडे. तर उत्तर आलं, "सणासुदीला रडारड कशाला अक्का? ऑर्केस्ट्रा ठरलाय की." सगळे हसले. तेव्हापासून डोकं तडकलंय.

मराठी पाट्यांसाठी, मराठी कागदपत्रांसाठी आपण बेळगावकर रस्त्यावर उतरतो, १ नोव्हेंबरला काळा दिवस पाळतो. पाळायलाच हवा. पण त्याच मराठीत एका बाईनं जन्मभर आपल्या घराघरांतलं झाकलेलं उघडून दाखवलं, तिच्यासाठी दोन तास निघत नाहीत?

‘दोघी’ १९९५ चा. लग्नाच्या दिवशीच घर उद्ध्वस्त होतं आणि थोरल्या बहिणीला मुंबईला धाडतात, तिथं तिला शरीर विकावं लागतं. तिच्या पैशांवर घर जगतं, पण ती परत आली की तोंड फिरवतं. आमच्या घरी तो सीडीवर लावला तेव्हा आत्ती सूप घेऊन तांदूळ निवडत बसली होती. मधेच तिचा हात थांबला. सिनेमा संपला तरी सूप तसंच मांडीवर.

सुमित्राताई मुळात समाजकार्य शिकवणाऱ्या, सिनेमाचं रीतसर शिक्षण नाही. बायकांच्या प्रश्नांवर काम करता करता १९८५ मध्ये ‘बाई’ हा लघुपट केला आणि मग थांबल्याच नाहीत. स्किझोफ्रेनियावर ‘देवराई’, कोडावर ‘नितळ’, म्हातारपणी आठवण पुसली जाते त्यावर ‘अस्तु’, नैराश्यावर ‘कासव’. यातला कुठला विषय आपल्या गल्लीत नाही, सांगा बघू? ‘कासव’ला २०१७ मध्ये राष्ट्रीय पुरस्कारांतलं सुवर्णकमळ जाहीर झालं, तेव्हा अभिनंदनाचे फोटो टाकणारे किती होते! त्यातल्या किती जणांनी तो बघितला? २०२१ च्या एप्रिलमध्ये त्या गेल्या, तेव्हा पुन्हा फोटो.

मान्य, दिवसभर राबून आलेल्या माणसाला हसायला हवं असतं. पण अकरा दिवसांतले दहा दिवस हसा की!

आत्ती आता नाही, म्हणून लिहिते. खानापूर भागातल्या तिच्या माहेरी एक मैत्रीण होती, तिला यल्लम्मा देवीला सोडलेली, म्हणजे देवदासी केलेली. सौंदत्तीला नेऊन गळ्यात मोती बांधले, तेव्हा दोघी परकर-पोलक्यातल्या. पुढं ती मुंबईला गेली. तिच्या मनीऑर्डरीवर भावानं घर बांधलं आणि त्याच घरातल्या लग्नात तिला मागल्या पडवीत बसवलं. हे सगळं आत्तीनं त्या रात्री सांगितलं, त्याआधी आयुष्यात कधी नाही. शेवटी म्हणाली, "मी बी तिला हळदी-कुंकवाला बोलिवलो न्हाई गं."

देवाला सोडण्याविरुद्ध कर्नाटकात १९८२ चा कायदा आहे, महाराष्ट्रात २००५ चा. कायद्यानं आत्तीला बोलतं केलं नाही, सिनेमानं केलं. म्हणून मला चीड येते. असे सिनेमे करणाऱ्यांना निर्माता शोधण्यात वर्षं घालवावी लागतात, थेटरात खेळ मिळाला तर अडनिड्या वेळेचा. त्यातूनही सिनेमा बनला तर आपण म्हणणार, रडारड नको.

मंडळातली पोरं वाईट नाहीत, हेही लिहायला हवं. पुराच्या वेळी हीच पोरं छातीभर पाण्यात उतरून म्हाताऱ्या माणसांना बाहेर काढत होती. त्यांच्यापैकी एकानं जरी आत्तीला त्या रात्री बघितलं असतं, तर आज तो हसला नसता असं मला मनापासून वाटतं.

रविवारी परत बैठक आहे, मी परत विचारणार. नाहीच म्हणाले तर शहापूर, वडगाव, टिळकवाडीत कुणाकडं शंभर माणसं बसतील असा हॉल असेल तर कळवा. खुर्च्या नसल्या तरी चालेल, जमखाने मी आणते. कन्नड बोलणाऱ्या शेजाऱ्यांनाही बोलवायचंय, यल्लम्मा काय एकट्या मराठी माणसांची आहे? आणि घरातल्या म्हाताऱ्या बायकांना घेऊन या. त्यांना पुढं बसवू.