शिक्षण वाचवायला निघालेल्या चॅनलवाल्यांनो, आमच्या पोराला रडवलंत ते आधी बघा

चार दिवस झाले डोकं शांतच होत नाहीये म्हणून लिहितेय, लांबलं तर लांबू दे.

एका न्यूज चॅनलने सध्या शिक्षण सुधारायची मोहीम काढलीये. गाडी गावोगाव फिरते, जिल्हा परिषदेच्या शाळेत शिरतात, पोरांना प्रश्न विचारतात, आणि शेवटी मुंबईत हॉटेलात मोठी परिषद, त्यात मंत्री, उद्योगपती, एक अभिनेता, आणि मागच्या बॅनरवर कोचिंग क्लासचं न् खासगी विद्यापीठाचं नाव. ती गाडी आमच्याकडे पण येऊन गेली. बीड जिल्ह्यातली शाळा आमची, पहिली ते पाचवी, पट 41, शिक्षक दोन. त्या दिवशी सर तहसीलला बीएलओच्या, म्हणजे मतदार यादीच्या कामाच्या, मीटिंगला गेलेले, म्हणजे मी एकटी, पाच वर्ग, त्यात खिचडीचा तांदूळ मोजून द्यायचा होता आणि आमच्या शाळांच्या केंद्राच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर "माहिती अकरा वाजेपर्यंत भरा" म्हणून सकाळपासून तीन मेसेज.

ते आले, न विचारता कॅमेरा लावला, मला म्हणाले मॅडम तुम्ही जरा बाजूला थांबा. मग चौथीतल्या एका पोराच्या तोंडासमोर माईक धरला आणि "चल, सतराचा पाढा म्हण". पोरगं सतरा चोकपर्यंत गेलं आणि अडकलं. लाईट डोळ्यावर, दारात अर्धं गाव जमलेलं, ते रडायलाच लागलं. तरी माईक हलला नाही हो! गाडी गेल्यावर माझ्याजवळ येऊन त्याने पूर्ण पाढा म्हटला, एकदाही न चुकता. ते कुणी शूट केलं नाही.

हे पोरगं कोण आहे माहितीये का त्यांना? आईबाप ऊसतोडीला जातात. मागच्या वर्षी दिवाळीनंतर टोळीबरोबर गेलं ते पाडव्याच्या आसपास परत आलं, जवळजवळ अर्धं वर्ष फडावर. आल्यावर पाढे त्याने उन्हाळ्यात बसून केले, मी रोज फोनवर म्हणून घेत होते. हे सगळं मी त्या रिपोर्टरला सांगितलं, चांगली पाच मिनिटं बोलले, दोन शिक्षकांचं सांगितलं, मीटिंगांचं सांगितलं. टीव्हीवर माझं किती आलं? "हो, अडचणी आहेत." चार सेकंद. आणि खाली लाल पट्टी, चौथीच्या मुलाला पाढा येईना.

आता मला सांगा, असरवाले, म्हणजे पोरांना किती येतं याचा देशभर सर्व्हे करणारे, ते पण पोरांना वाचायला लावतात, गणितं घालतात, 2005 पासून करतायत. पण ते घरी जातात, पोराला जवळ बसवतात, एकेकाला शांतपणे विचारतात, आणि कुठल्या पोराला काय आलं नाही ते गावभर सांगत सुटत नाहीत. त्यांचे आकडे कितीही टोचले तरी मी ऐकून घेते, कारण आमच्या पोरांना वाचता येत नाही ही गोष्ट खोटी नाहीच. मला ती लपवायची पण नाहीये. पण कारण शोधायचं असेल तर आठ वर्षांच्या पोराकडे काय शोधताय?

आरटीई म्हणजे शिक्षण हक्क कायद्यात प्राथमिकला 60 मुलांपर्यंत दोनच शिक्षक आहेत. वर्ग पाच असले तरी दोनच! म्हणजे आमची शाळा कागदावर एकदम नियमात. एका वर्गाला शिकवायचं तर बाकीचे दोन-तीन वर्ग स्वाध्यायाला बसवायचे, हे रोजचं आहे. त्याच कायद्याचं कलम 27 म्हणतं की जनगणना, आपत्ती आणि निवडणूक सोडून शिक्षकाला दुसरं काम लावायचं नाही. मग बीएलओ निवडणुकीत धरतात आणि ते वर्षभर पुरतं, वरून यू-डायसवर शाळेची माहिती भरा, पोरांचे अपार आयडी काढा, निरक्षरांचा सर्व्हे, झाडं लावल्याचे फोटो, सगळं आमच्याच मोबाईलवरून. परिषदेत मंत्रीसाहेब समोर बसलेले होते, विचारायचं ना त्यांना. कोठारी आयोग 1964 ते 66 चा, तेव्हापासून राष्ट्रीय उत्पन्नाच्या 6 टक्के शिक्षणावर खर्च करा म्हणतायत, 2020 च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणात पुन्हा तेच 6 टक्के. ते कधी देणार, हा प्रश्न दोन तासांत एकाही अँकरच्या तोंडून आला नाही. मी सगळा कार्यक्रम बघितला, जेवण बाजूला ठेवून बघितला. स्टेजवर प्राथमिकचा एक शिक्षक नव्हता, एकसुद्धा.

आणि चॅनलच्या हातात काही नसतं असं कुणी म्हणू नका. 2024 ला सरकारच्या एक राज्य एक गणवेश योजनेचे कपडे उशिरा आले, आले ते पोरांच्या अंगाला बसेनात, तेव्हा चॅनलवाल्यांनी आणि पेपरवाल्यांनी ते लावून धरलं, पालक बोलले, आणि वर्षअखेरीला गणवेशाचं काम परत शाळा व्यवस्थापन समितीकडे आलं. पहिलीपासून तिसरी भाषा म्हणून हिंदी शिकवायचा जीआर, म्हणजे सरकारी आदेश, 2025 च्या एप्रिलमध्ये निघाला आणि जूनअखेरीला मागे घ्यावा लागला, तेव्हाही रोज संध्याकाळी चर्चा होत्याच. ताकद आहे तुमच्यात. ती पोराला रडवण्यात घालवली याचा मला संताप येतो.

काल त्या पोराची आई शाळेत आली होती. कुणीतरी तिच्या मोबाईलवर ती क्लिप पाठवली होती. दोन वर्षं मी तिच्या मागे लागलेय की ह्या दिवाळीला पोराला नेऊ नका, आजीजवळ ठेवा, मी बघते, आणि यंदा ती हो म्हणाली होती. काल म्हणाली, "बाई, सगळ्या गावाने हसून घेतलं, आता त्याला संगट नेलेलंच बरं." मी तासभर बोलले तिच्याशी. अजून तिने हो म्हटलेलं नाही.